बेळगावसाठी जे मागतो, ते गडचिरोलीतल्या गोंडी मुलांना का नको?

इतवारीकर

2025 च्या एप्रिलमध्ये पहिलीपासून हिंदीचा शासन निर्णय आला आणि 29 जूनला सरकारला तो मागे घ्यावा लागला, हे सगळ्यांना आठवत असेलच. या संकेतस्थळावरही तेव्हा रान उठलं होतं. लहान मुलाच्या डोक्यावर पहिल्याच वर्गात परकी भाषा लादू नका, असं आपण सगळे एकमुखानं म्हणत होतो. मीही त्यात होतो आणि आजही माझं तेच मत आहे.

पण नागपुरात बसून हे म्हणताना मला एक गोष्ट सतत टोचते. आपल्यापासून काही तासांवर गडचिरोलीतलं धानोरा, एटापल्ली, भामरागड आहे. तिथल्या पोराला पहिलीत मिळणारी मराठी ही त्याच्या दृष्टीनं परकीच भाषा आहे. घरी गोंडी नाहीतर माडिया. धानोरा तालुक्यातल्या मोहगावच्या ग्रामसभेनं 2019 मध्ये स्वतःच्या हिमतीवर गोंडी माध्यमाची शाळा काढली. शिक्षण विभागानं ती अनधिकृत ठरवली आणि प्रकरण आपल्या नागपूर खंडपीठापर्यंत गेलं.

आणि तिकडे बेळगाव, निपाणी, कारवार. 865 गावांसाठी महाराष्ट्र 2004 पासून सुप्रीम कोर्टात भांडतोय. तिथल्या मराठी माणसाला मराठी शाळा हवी, सातबारा मराठीत हवा, कचेरीतला कागद मराठीत हवा. या प्रत्येक मागणीला माझा पाठिंबा आहे. माझा प्रश्न सरळ आहे: कर्नाटकाकडे जे मागतो, ते आपल्या राज्यातल्या भाषिक अल्पसंख्याकांना द्यायला आपण तयार आहोत का? नसू, तर का नाही?

नंदनवनचा_सुधीर

प्रश्न चांगला आहे, पण तुलना पटली नाही. बेळगावचा वाद दोन राज्यांचा आहे. मराठीच्या मागे अख्खं राज्य उभं आहे, विद्यापीठं आहेत, वर्तमानपत्रं आहेत. तिथल्या पोरानं मराठीतून दहावी केली तर पुढे कोल्हापूर आहे, पुणे आहे. गोंडीतून चौथी केलेलं पोरगं पाचवीत कुठे जाईल? पोलीस भरतीचा पेपर कोणत्या भाषेत देईल?

माझा आदिवासींच्या भाषेला विरोध नाही. घरात बोला, सण करा, गाणी म्हणा. पण शाळा ही पोटाची वाट आहे. ती वाट अरुंद करून आपण त्या पोरांवर उपकार करतोय असं मला वाटत नाही. सगळ्यांना इंग्रजी शाळा हवी आणि आदिवासींनी मात्र गोंडीत शिकावं, हा न्याय कुठला?

बुटीबोरी_लोकल

सुधीरभाऊंशी सहमत. भावना वेगळी, रोजगार वेगळा.

मास्तर_धानोरा

सुधीरराव, तुमची काळजी खरी आहे, पण वर्गात काय घडतं ते सांगतो. नोकरीची बरीच वर्षं मी त्या पट्ट्यात जिल्हा परिषदेच्या शाळांवर काढली आहेत.

पहिलीचं पोरगं येतं. घरी ते धाकट्या भावाला खेळवतं, बकऱ्या मोजून आणतं, कोणत्या झाडाला कधी काय लागतं ते सगळं त्याला ठाऊक. आणि वर्गात भिंतीकडे बघत बसतं. आम्ही शेरा मारतो, ‘अप्रगत’. एकदा गणिताच्या तासाला एक मुलगी गप्पच. समोर चिंचोके ठेवले, चार आणि तीन किती, विचारलं. नुसती बघत राहिली. मागून मोठ्या वर्गातल्या तिच्या बहिणीनं तेच गोंडीत विचारलं. पोरीनं चिंचोके पुढे ओढले, बोट ठेवत ठेवत मोजले... मूंद, नालुंग, सैयुंग... आणि उत्तर देऊन मोकळी. गणित तिला येतच होतं, माझा प्रश्न तिच्यापर्यंत पोचत नव्हता.

त्या दिवसापासून मी गोंडी शिकायला लागलो. मला कोणी सांगितलं नव्हतं आणि त्याचं प्रशिक्षणही कुठे नव्हतं. मोडकीतोडकी यायला लागली तशी हजेरी बदलली. आणि सांगण्यासारखी गोष्ट ही की त्या पोरांचं मराठी सुद्धा लवकर सुधारलं. घरची भाषा घट्ट झाली की दुसरी तिच्यावर चढते, पाया सोडून नाही चढत. तेव्हा गोंडी की मराठी असा हा झगडाच नाही. पहिली दोन-तीन वर्षं गोंडीतून, मराठी बोलीतून ओळखीची करायची आणि मग हळूहळू मराठी-इंग्रजी वाढवायची. मोहगावच्या लोकांनाही पोरांना मराठी नको आहे असं नाही.

महालची_रेवती

मास्तर, हा प्रतिसाद वेगळा लेख म्हणून टाका इथे. सुधीर यांच्या ‘पुढे काय’ या प्रश्नावर: संथालीचं उदाहरण बघा. 2003 च्या 92 व्या घटनादुरुस्तीनं संथाली, बोडो, डोगरी, मैथिली आठव्या अनुसूचीत, म्हणजे घटनेतल्या भाषांच्या यादीत आल्या. आज संथालीतून यूपीएससीची मुख्य परीक्षा देता येते. 2011 च्या जनगणनेत बोडो बोलणारे साधारण 15 लाख आणि गोंडी बोलणारे जवळपास 30 लाख. दुप्पट. तरी गोंडी यादीबाहेर. यादीत नाही म्हणून पुस्तकं नाहीत, पुस्तकं नाहीत म्हणून शाळा नाही, शाळा नाही म्हणून ‘ही भाषा शिक्षणाच्या कामाची नाही’. वाट अरुंद आहे म्हणता, पण ती अरुंद ठेवली कोणी?

टेकडी_रोड

मी काय म्हंतो, हे सगळं 1956 चं दुखणं आहे. नागपूर जुन्या मध्य प्रांताची राजधानी होतं. बालाघाट, छिंदवाडा, बस्तर, चांदा सगळं एकाच कारभारात. भाषावार प्रांत झाले तं मराठीले महाराष्ट्र भेटला, तेलुगूले आंध्र भेटला, हिंदीवाल्यायले मध्य प्रदेश भेटला. गोंडी बोलणाऱ्याची जमीन तं सलग होती, पण तिचे तीन तुकडे झाले, अन तिन्हीकडं तो अल्पसंख्याक. राज्य पुनर्रचनेच्या फाजल अली आयोगानं तं वेगळा विदर्भच सांगतला होता 1955 मधी, तोही नाई दिला. विदर्भ राज्य झालं असतं तं आज...

संपादक_मंडळ

टेकडी_रोड, पहिला भाग उत्तम आणि विषयाला धरून. विदर्भ राज्यासाठी स्वतंत्र धागा आहे, तो तिथेच चालू द्या.

टेकडी_रोड

बरं बावा. पण तीन तुकड्यायचं ध्यानात ठेवा, तेच महत्त्वाचं आहे.

पर्लकोटा

मी भामरागड तालुक्यातला. सध्या नागपुरात राहून स्पर्धा परीक्षांची तयारी करतो. घरची भाषा माडिया.

मास्तर, तुमच्यासारखा एक जरी शिक्षक मला पहिलीत मिळाला असता तर फार बरं झालं असतं. पण एक गोष्ट सांगतो. धानोऱ्याची गोंडी आणि आमची माडिया नात्यातल्या असल्या तरी एक नाहीत. ‘गोंडी माध्यम’ म्हणून कोणी नागपूर-पुण्यात एक पुस्तक छापून भामरागडला पाठवलं, तर आमच्या पोरांना ते पुन्हा बाहेरचंच वाटेल. म्हणून कोणत्या गावात कोणती बोली, हे त्या त्या गावाला ठरवू द्या.

आणि सुधीरदादा, तुम्ही म्हणता घरात बोला. घरात तरी कुठे राहतेय? मी आश्रमशाळेत होतो तेव्हा माडिया बोललं की बाकीचे हसायचे. मग आम्ही आपसातही मराठीच बोलायला लागलो. इथे नागपुरात आईचा फोन आला की अजूनही मी खोलीबाहेर जिन्यात जाऊन बोलतो. खोलीतली मुलं चांगली आहेत, कुणी काही म्हणत नाही. सवयच तशी लागली आहे. माझी लहान बहीण आता आईशी अर्धं मराठीत बोलते आणि आजीला ते कळत नाही. शाळेत ज्या भाषेला किंमत नाही ती घरातही फार दिवस टिकत नाही.

रोजगाराचं म्हणाल तर आमच्याकडे आरोग्यसेवक, तलाठी, वनरक्षक, शिक्षक या सगळ्यांनाच माडिया यायला हवी. पेशंट काय सांगतोय ते डॉक्टरला कळत नाही, कुणीतरी तिसरा मधे लागतो. पोलीस ठाण्यात जबाब मराठीत लिहितात आणि अंगठा माडिया माणसाचा असतो. भाषा येणाऱ्या माणसाची गरज कचेरीला आहे, पण भरतीत तिचे गुण नाहीत.

नंदनवनचा_सुधीर

पर्लकोटा, जबाबाचं मी कधी लक्षातच घेतलं नव्हतं. कशावर अंगठा देतोय हे माणसाला कळायलाच हवं, यावर दुमत नाही. शिक्षक-आरोग्यसेवकांच्या भरतीत स्थानिक भाषेला गुण द्यावेत हेही पटलं. शाळेच्या माध्यमाबाबत मात्र मी अजून ठाम आहे. आणि दुसरी शंका: आज शाळा, उद्या स्वायत्तता, परवा वेगळं राज्य. सीमेवरचा, नक्षलग्रस्त जिल्हा. सरकार सावध राहिलं तर त्याला दोष किती द्यायचा?

वकीलकाका_धंतोली

थोडा वेळ घेऊन लिहितो, कारण ‘स्वायत्तता’ शब्द आला की लोक दचकतात. पण ती आपल्या घटनेतच आहे.

घटनेत आदिवासी भागांसाठी दोन चौकटी आहेत. सहावी अनुसूची आसाम, मेघालय, त्रिपुरा आणि मिझोरामसाठी. तिथे स्वायत्त जिल्हा परिषदा असतात आणि त्यांना जमीन, जंगल, वारसा, रूढी यांवर कायदे करता येतात. याच अनुसूचीच्या परिच्छेद 6 मध्ये स्पष्ट लिहिलं आहे की जिल्हा परिषद प्राथमिक शाळा काढू शकते आणि प्राथमिक शिक्षण कोणत्या भाषेत व कसं द्यायचं हेही तीच ठरवू शकते. म्हणजे घटनाकारांनी भाषा आणि स्वशासन एकाच कलमात बसवलं होतं.

आपल्याकडचा अनुसूचित भाग, त्यात गडचिरोलीचा मोठा हिस्सा येतो, तो पाचव्या अनुसूचीत. इथे अधिकार राज्यपालांकडे आणि जनजाती सल्लागार परिषदेकडे. ही परिषद सल्ला देते, निर्णय घेत नाही. ही उणीव भरून काढायला 1996 चा पेसा, म्हणजे अनुसूचित भागातल्या पंचायतींचा कायदा आला. त्याच्या कलम 4 (घ) प्रमाणे आपल्या रूढी, परंपरा, सांस्कृतिक ओळख जपायला ग्रामसभा सक्षम आहे. आणि 4 (ण) म्हणतं की अनुसूचित क्षेत्रात जिल्हा पातळीवरची रचना करताना राज्यानं सहाव्या अनुसूचीचा नमुना अनुसरायचा प्रयत्न करावा. 1996 पासून हे वाक्य कायद्यात आहे. महाराष्ट्राचे पेसा नियम यायलाच 2014 उजाडलं, आणि जिल्ह्याची तशी रचना तर आजही झालेली नाही.

आता भाषा. कलम 350 क: भाषिक अल्पसंख्याक मुलांना प्राथमिक शिक्षण मातृभाषेतून मिळावं अशी सोय करण्याचा प्रयत्न राज्यानं करायचा. शिक्षण हक्क कायद्याचं कलम 29 (2)(च): शक्य तिथवर माध्यम मुलाची मातृभाषा. आणि कोणती भाषा मातृभाषा, हे सरकारनं ठरवायचं नाही, मुलाच्या वतीनं पालकांनी ठरवायचं, असं सुप्रीम कोर्टाच्या घटनापीठानं 2014 मध्ये कर्नाटकाच्याच प्रकरणात सांगितलं. बेळगावात आपण जो 15 टक्क्यांचा निकष पुढे करतो, की इतके भाषिक अल्पसंख्याक असतील तिथे सरकारी सूचना त्यांच्या भाषेतही द्या, तो भामरागड-एटापल्लीला लावा. तिथे गोंडी-माडिया बोलणारे 15 टक्क्यांच्या कितीतरी वर आहेत.

म्हणून सुधीर, यात देश तोडण्यासारखं काही नाही. हक्क देशाच्या कायद्यात लिहिलेले आहेत, ते मागणाऱ्याला आपण संशयानं बघतो, एवढंच.

पर्लकोटा

नक्षलचं मी बोलतो, कारण ते आमच्या अंगावरून गेलं आहे. दोन्ही बाजूंच्या बंदुकांमधे गावंच सापडली. गावानं कायद्याचं पुस्तक हातात घेऊन शांतपणे काही मागितलं की त्यालाही तोच शिक्का. मग मागायचं कसं? लेखा-मेंढा तुमच्यासमोर आहे. ‘दिल्ली-मुंबईत आमचं सरकार, आमच्या गावात आम्हीच सरकार’ म्हणणारं गाव. 2009 मध्ये त्यांना सामूहिक वनहक्क मिळाला, 2011 मध्ये बांबूचे वाहतूक परवाने ग्रामसभेच्या हातात आले. जंगल तोडून खाल्लं का त्यांनी? उलट हिशेब चोख ठेवला, गावात काम मिळालं. आज कितीतरी ग्रामसभा तेंदूचा लिलाव स्वतः करतात. जे गाव लाखोंचा तेंदू विकू शकतं, त्याला आपल्या पोरांची पहिलीची शाळा चालवता येणार नाही?

बुटीबोरी_लोकल

हे शेवटचं वाक्य जबरदस्त. मी वर सुधीरभाऊंशी सहमत लिहिलं होतं, आता निम्मा सहमत.

सिरोंचाकर

आमच्याकडची गंमत ऐका. सिरोंच्यात बाजारात तेलुगू, घरी तेलुगू, कचेरीत मराठी, आजूबाजूच्या गावांत गोंडी. प्राणहितेच्या पलीकडे तेलंगणा, इंद्रावतीच्या पलीकडे छत्तीसगड. सोयरीक तिन्हीकडे. आमच्या लहानपणी शिक्षक वरून बदलून यायचे, त्यांना ना तेलुगू यायची ना गोंडी, आणि बदलीचा अर्ज पहिल्याच आठवड्यात तयार.

चंद्रपूरकडच्या जिवती तालुक्यातली ती 14 वादग्रस्त गावं तर सगळ्यांना माहीत असतील. मराठी शाळा पण आहे, तेलुगू शाळा पण आहे, दोन्ही राज्यांचं रेशन आणि दोन्हीकडे मतदान. दोन सरकारं आपापली शाळा घेऊन धावत येतात. त्याच डोंगरात गोंड आणि कोलाम आहेत, त्यांच्या भाषेची शाळा घेऊन मात्र कोणी धावत आलेलं नाही. भाषेची आस्था असती तर ती तिथेही दिसली असती. सगळं लक्ष सीमारेषेवर आहे.

आणि हे काही आजचं नवीन खूळ नाही. 1940 मध्ये आदिलाबादकडच्या जोडेघाटला निजामाविरुद्ध उठलेले गोंड नेते कुमराम भीम मारले गेले, त्यानंतर निजामाच्या सरकारला जाग आली. हायमेंडॉर्फ या मानववंशशास्त्रज्ञानं तिकडच्याच मार्लवाईला गोंड शिक्षक तयार करायचं केंद्र काढलं, गोंडीत वाचनपुस्तकं केली. ऐंशी वर्षांपूर्वी निजामाला जे जमलं ते आपल्याला जमू नये?

महालची_रेवती

सिरोंचाकर, अगदी. आणि आपण नागपूरकरांनी तर हे सगळ्यात आधी बोलायला हवं. हे शहर देवगडच्या गोंड राजानं, बख्त बुलंद शाहनं, 1702 मध्ये वसवलं. भोसले नंतर आले. महालात आमच्या घरापासून गोंडराजाचा किल्ला पायी अंतरावर आहे. शाळेत आम्हाला भोसल्यांचा इतिहास शिकवला, गोंडांचा एका ओळीत उरकला. मोतीरावण कंगाली यांनी गोंडी भाषेवर आयुष्यभर काम केलं ते याच शहरात राहून, आणि माझ्या ओळखीच्या दहा मराठी वाचकांना विचारलं तर नऊ जणांना नाव माहीत नसतं.

लिपी नाही, असं कोणी म्हणायच्या आत सांगते: एक नाही, दोन आहेत. बालाघाटच्या मुन्शी मंगलसिंग मसराम यांनी 1918 मध्ये तयार केलेली मसराम लिपी, आणि आदिलाबाद भागातल्या गुंजाळा गावात जुन्या हस्तलिखितांत सापडलेली गुंजाळा लिपी. दोन्ही युनिकोडमध्ये आल्या, 2017 आणि 2018 मध्ये.

नंदनवनचा_सुधीर

मग पुन्हा तोच घोळ. दोन लिप्या, शिवाय देवनागरी आणि तेलुगू. तीन-चार राज्यांत तीन-चार प्रकारची गोंडी. पाठ्यपुस्तक कोणत्या लिपीत छापणार?

मास्तर_धानोरा

सुरुवातीला देवनागरीत. पोरांना तीच पुढे लागणार आहे, शिक्षकांना येते, छापायला सोपी. हे माझं मत, आणि रेवतीताईंना ते आवडणार नाही.

महालची_रेवती

खरंच नाही आवडलं. देवनागरीत छापलं की दहा वर्षांनी म्हणणार, ‘ही तर मराठीची बोली’. गोंडी द्रविड कुळातली भाषा आहे, तेलुगूच्या जवळची. आणि देवनागरीत गोंडीचे सगळे उच्चार नीट बसतही नाहीत. स्वतःची लिपी ही भाषेची ओळख असते. संथालीनं ओल चिकी या स्वतःच्या लिपीच्या जोरावर किती मजल मारली बघा.

पर्लकोटा

ताई, तुमचा जीव आमच्या भाषेत आहे हे दिसतं. पण आमच्या गावात मसराम किंवा गुंजाळा वाचणारा एकही माणूस नाही. मी स्वतः शिकतोय, मोठ्या मुलांना शिकवावी असंही वाटतं. पहिलीच्या पोराला मात्र आधी भाषा मिळू द्या. लिपीचं भांडण संपेपर्यंत आणखी एक पिढी मराठी बोलायला लागेल.

महालची_रेवती

तुमचा शब्द माझ्यापेक्षा मोठा. पाचवीपासून लिपी, असं तरी मागूया.

इतवारीकर

सगळ्यांचे आभार. ‘का नाही’ हे मी विचारलं होतं, त्याचं उत्तर वाचून मला तरी असं वाटतं की अडचण कायद्यात नाही आणि पैशातही नाही. छत्तीसगडनं 2020 मध्ये प्राथमिक शाळेत गोंडी, हलबीसारख्या भाषा आणायचं जाहीर केलं. त्यांचीही अंमलबजावणी सगळीकडे सारखी नसेल, पण निदान ठरवलं तरी. मराठीला 2024 मध्ये अभिजात दर्जा मिळाला तेव्हा आपण इथे पेढे वाटले. मोठ्या भावाचा मान मिळाला की लहान्याचं बघायची जबाबदारीही येते. मेळघाटातली कोरकू आणि यवतमाळची कोलामी पण यात धरा.

डिसेंबरात हिवाळी अधिवेशन आपल्याच गावात असतं. सगळ्या राज्यातून मोर्चे येतात. इथले आपण जे आहोत ते एक निवेदन करू शकतो का? आणि काका, गावांच्या बाजूनं नक्की काय करायला हवं?

नंदनवनचा_सुधीर

निवेदनात तीन गोष्टी असतील तर माझी सही धरा: शिक्षक आणि आरोग्यसेवकांच्या भरतीत गोंडी-माडियाचे गुण, पोलीस ठाण्यात आणि कोर्टात दुभाषा, आणि पहिली-दुसरीत मास्तर म्हणतात तसं दोन्ही भाषांतून शिक्षण. चौथीपर्यंत फक्त गोंडी, याला माझी सही नाही.

टेकडी_रोड

माझीही सही. विदर्भाचा एक शब्द नाई काढत, वचन.

वकीलकाका_धंतोली

सुधीर, तुमच्या तीन मागण्यांत मी चौथी घालतो: ग्रामसभेनं ठराव केला असेल तर तिथली शाळा बंद करण्याऐवजी तिला मान्यतेच्या निकषांत बसवायला मदत करावी.

गावांनी काय करायचं: ठराव ग्रामपंचायतीचा नको, पेसाखालच्या ग्रामसभेचा हवा. पाड्याची ग्रामसभा वेगळी घोषित झाली असेल तर तिचा. ठरावात ‘आमच्या मुलांची मातृभाषा अमुक आहे’ हे स्पष्ट लिहा आणि खाली पालकांच्या सह्या-अंगठे घ्या, कारण 2014 च्या निकालानं ते ठरवायचा हक्क पालकांना आहे. कलम 350 क, शिक्षण हक्काचं 29 (2)(च) आणि पेसाचं 4 (घ), तिन्हींचा उल्लेख करा. प्रत गटशिक्षणाधिकारी, जिल्हा परिषद आणि प्रकल्प अधिकाऱ्यांना द्या, पोच घ्या. पोच नसेल तर तो ठराव झालाच नाही असं धरतात.

पर्लकोटा

काका, ठराव माडियात लिहिला तर चालेल का? ग्रामसभेत चर्चा तर माडियातच होते.

वकीलकाका_धंतोली

चालेल. देवनागरीत माडिया वर, खाली मराठी अनुवाद. दोन्हींवर सह्या घ्या. मसुदा मला व्यक्तिगत निरोपात पाठवा, या रविवारी बघून देतो.

मास्तर_धानोरा

मराठी अनुवादाचं मी बघतो. पर्लकोटा, मला माडिया नीट कळत नाही, फोनवर वाक्यागणिक सांगावं लागेल तुला.